रेषा, प्रतल आणि उपग्रहाची नजर

त्रिमितीय भूमितीत रेषा आणि प्रतल यांचा छेदनबिंदू काढण्याचे उदाहरण परीक्षेत वारंवार विचारले जाते. विद्यार्थी सूत्र पाठ करतात आणि गुण मिळवितात. परंतु याच आकडेमोडीवर उपग्रहीय नकाशांचा पाया उभा आहे, हे क्वचितच सांगितले जाते.

रीत साधी आहे. बिंदू (१, २, ३) मधून जाणाऱ्या रेषेची दिशा गुणोत्तरे २, −१, १ असल्यास तिच्यावरील कोणताही बिंदू (१ + २त, २ − त, ३ + त) असा लिहिता येतो. प्रतल क्ष + य + २झ = १८ असे असेल, तर या किमती त्यात घालाव्यात. ९ + ३त = १८ मिळते; म्हणून त = ३ आणि छेदनबिंदू (७, −१, ६). दिशा गुणोत्तरे १, १, −१ असती तर त हे पद नाहीसे होऊन ९ = १८ असे विसंगत विधान उरले असते. अशा वेळी रेषा प्रतलास समांतर असते. विधान सत्य ठरल्यास संपूर्ण रेषाच प्रतलात असते.

आता बंगळुरूकडे वळू. तेथील इस्रोच्या उपग्रह केंद्रात (२०१८ पासून यू. आर. राव उपग्रह केंद्र) घडविलेला कार्टोसॅट-१ हा उपग्रह ५ मे २००५ रोजी श्रीहरिकोटा येथून सोडण्यात आला. सुमारे ६१८ किलोमीटर उंचीवरून फिरणाऱ्या या उपग्रहावर २.५ मीटर विभेदनक्षमतेचे दोन कॅमेरे होते. एक २६ अंशांनी पुढे कललेला, दुसरा ५ अंशांनी मागे. चित्रातील प्रत्येक ठिपका म्हणजे कॅमेऱ्यातून निघालेली एक दृष्टिरेषा. ती जमिनीच्या प्रतलास जेथे छेदते, तेथे तो ठिपका नकाशावर बसतो.

प्रश्न असा, की कोणते प्रतल? सोयीसाठी पृथ्वी सपाट मानू. २६ अंशांची स्पर्शज्या ०.४८७७ आहे. समुद्रसपाटीचे प्रतल घेतल्यास छेदनबिंदू उपग्रहाच्या पायथ्यापासून ३०१.४० किलोमीटर पुढे येतो. पण बंगळुरू समुद्रसपाटीपासून सुमारे ९०० मीटर उंच आहे. ते प्रतल घेतल्यास अंतर ३००.९६ किलोमीटर भरते. फरक सुमारे ४३९ मीटरचा, म्हणजे चित्रातील पावणेदोनशे ठिपक्यांचा. आकडेमोड अचूक असूनही इमारत दुसऱ्याच वस्तीत जाऊन बसेल!

उंची आधी ठाऊक नसेल तर? दुसरा कॅमेरा त्यासाठीच होता. पुढचा कॅमेरा एखादी जागा टिपून गेल्यावर सुमारे ५२ सेकंदांनी मागचा तीच जागा टिपत असे. समुद्रसपाटीवर पहिली दृष्टिरेषा त्या जागेच्या ४३९ मीटर पुढे पोहोचते, तर दुसरी ७९ मीटर मागे, कारण ५ अंशांची स्पर्शज्या ०.०८७५ आहे. दोन्ही बिंदूंतील अंतर ५१८ मीटर. त्यास दोन्ही स्पर्शज्यांच्या बेरजेने, म्हणजे ०.५७५२ ने, भागल्यास उंची ९०० मीटर मिळते. येथे प्रतल दिलेले नसून दोन रेषांच्या छेदनबिंदूवरून ते शोधले जाते. देशाचे अंकीय उंची-प्रारूप ‘कार्टोडेम’ याच जोडचित्रांतून तयार झाले.

प्रत्यक्षात पृथ्वीच्या वक्रतेमुळे सपाट प्रतलाऐवजी विवृत्ताभ घ्यावा लागतो. त्याचे समीकरण द्विघात असल्याने रेषा त्यास दोन बिंदूंत छेदते. उपग्रहाच्या जवळचा बिंदू स्वीकारावयाचा असतो, दूरचा पृथ्वीच्या पलीकडील बाजूस असतो.