शंख नसलेली गोगलगाय



'गोगलगाय अन् पोटात पाय' ही म्हण आपण सगळेच वापरतो. वरून गरीब दिसणाऱ्या पण आतल्या गाठीच्या माणसाला ती लावतो. गंमत अशी की या म्हणीतले प्राणिशास्त्र बिनचूक आहे. गोगलगाय ज्या वर्गात मोडते त्याचे शास्त्रीय नावच 'उदरपाद' आहे. तिच्या पोटाचा सपाट तळ हाच तिचा एकुलता एक पाय. त्यात लबाडी कसली? चालण्याची तिला मिळालेली रीतच ती.

या अंकाच्या अभ्यासासाठी मी तिची बिनशंखाची बहीण निवडली आहे. पावसाळ्यात न्हाणीघराच्या कोपऱ्यात, मिरचीच्या वाफ्यात, ओल्या लाकडाखाली ती दिसते. इंग्रजीत तिला स्लग म्हणतात. समुद्रात राहणारीला सी स्लग, म्हणजे समुद्री गोगलगाय. वसतिगृहातल्या पाचवीच्या एका मुलीने मला विचारले होते, "ताई, हिला शंख नाही, मग हिला सगळे खाऊन का टाकत नाहीत?" प्रश्न अगदी रास्त आहे. त्याचे उत्तर आपण टप्प्याटप्प्याने शोधू.

१. शंख गेला कुठे?

शंख म्हणजे घर आणि चिलखत दोन्ही. पण तो बांधायला चुना लागतो आणि जन्मभर त्याचे ओझे वाहावे लागते. शंख नसेल तर चुना कमी असलेल्या मातीतही राहता येते आणि दगडाच्या बारीकशा फटीतही शिरता येते. म्हणून गोगलगायींच्या एकाच नव्हे, तर अनेक कुळांत वेगवेगळ्या काळी शंख लहान होत होत नाहीसा झाला. कित्येक जमिनीवरच्या स्लगच्या पाठीच्या कातडीखाली अजूनही चुन्याची लहानशी चकती सापडते. बहुतेक समुद्री गोगलगायींना तर अंड्यातून बाहेर येताना इवलासा शंख असतो. मोठे होताना त्या तो टाकून देतात.

म्हणजे शंख नसणे ही उणीव नव्हे. मात्र तो गेल्यावर संरक्षणाची दुसरी सोय लागते आणि ती प्रत्येकीची निराळी आहे.

२. जमिनीवरची: ओलाव्यावर जगणारी

आपल्या घराभोवती नेहमी दिसणारी काळपट, चपटी, चामड्यासारख्या पाठीची आणि पाठीवर मधोमध फिकट रेघ असलेली स्लग मूळची आफ्रिकेतली. शास्त्रीय नाव लेव्हिकॉलिस आल्टे. ती उन्हात लपते आणि रात्री किंवा पावसात बाहेर पडते.

तिचे खरे चिलखत म्हणजे तो बुळबुळीत चिकट स्राव, ज्याची आपल्याला किळस येते. तो अंग वाळू देत नाही, उभ्या भिंतीवर पकड देतो आणि शत्रूच्या तोंडाची चव बिघडवतो. उत्तर अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरील जंगलात 'बनाना स्लग' असते. पिकल्या केळ्यासारखी पिवळी आणि चांगली वीतभर लांब. तिचा स्राव तोंडात गेला की जीभ बधिर होते. एकदा चाखलेला प्राणी पुन्हा सहसा तोंड लावत नाही.

हा स्राव फुकट मिळत नाही. त्यासाठी तिला अंगातले पाणी आणि बरीच शक्ती खर्चावी लागते. धावणाऱ्या किंवा उडणाऱ्या प्राण्याच्या मानाने तिचे एकेक पाऊल महाग पडते. तिच्या मागची चकाकती वाट पाहिली की ती चालता चालता विरघळत आहे असे वाटते. ५८ व्या स्तोत्रात गोगलगायीची उपमा आली आहे ती याच अर्थाने.

याच स्रावाकडे पाहून अमेरिकेतील हार्वर्ड विद्यापीठातील संशोधकांनी शस्त्रक्रियेसाठी नवा डिंक तयार केला. युरोपातली एक स्लग घाबरली की फार चिवट स्राव सोडते. त्याची घडण अभ्यासून केलेला हा डिंक रक्ताने ओल्या झालेल्या अवयवालाही धरून राहतो, असे त्यांनी २०१७ साली दाखवून दिले. डुकराच्या हृदयावर त्याची चाचणी झाली.

आता मिठाविषयी. मुले खेळ म्हणून स्लगवर मीठ टाकतात, ती फेसाळते, आक्रसते आणि मरते. तिची कातडी पातळ आणि ओली असते. मीठ बाहेरून तिच्या अंगातले पाणी ओढून घेते. ज्या ओलाव्यावर ती जगते तोच काढून घेतला जातो. वाफ्यातल्या रोपांसाठी तिला आवरावे लागते हे खरे, पण मजेसाठी नव्हे. एवढे मुलांना समजावले तर ती ऐकतात, असा माझा अनुभव आहे. हातात भिंग दिले तर मीठ आपोआप खाली राहते.

३. समुद्रातली: शत्रूचे शस्त्र वापरणारी

समुद्री गोगलगायींत 'न्यूडिब्रँक' नावाचा मोठा गट आहे. या नावाचा अर्थ उघडे कल्ले असा होतो. त्यांच्या सुमारे ३,००० जाती माहीत आहेत. निळ्या, केशरी, जांभळ्या, ठिपक्यांच्या, झालरीच्या, अशा रंगांची जणू जत्राच भरलेली असते. पुष्कळदा तो भडक रंग हा इशारा असतो: मी विषारी आहे, दूर राहा. ओहोटीच्या वेळी खडकांमधल्या डबक्यांत नीट पाहिले तर मुंबईच्या किनाऱ्यावरही त्या दिसतात.

'ग्लॉकस' ही निळी समुद्री गोगलगाय जेमतेम बोटाच्या दोन पेरांएवढी. ती पोटात हवेचा बुडबुडा धरून पाण्याच्या पृष्ठभागावर उताणी तरंगते. तिची पोटाची बाजू निळी असते, म्हणून वरून पक्ष्याला ती पाण्यातून वेगळी ओळखू येत नाही. पाठ चंदेरी असते, म्हणून खालून माशाला दिसत नाही. पावसाळ्यात जुहू, गिरगावच्या वाळूवर निळ्या फुग्यासारखे ब्लूबॉटल वाहून येतात आणि त्यांचा डंख किती झोंबतो हे कोळी बांधवांना ठाऊक आहे. ग्लॉकस अशाच डंख करणाऱ्या प्राण्यांना खाते. त्यांच्या डंखाच्या पेशी न फोडता ती आपल्या बोटांसारख्या झालरींच्या टोकांत साठवते आणि पुढे स्वतःच्या रक्षणासाठी वापरते.

अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावरील खाजणात 'एलिसिया क्लोरोटिका' राहते. दिसायला हुबेहूब हिरवे पान. ती शेवाळाचा रस शोषते, पण त्यातले हरितकण पचवून टाकत नाही. ते तिच्या अंगात कित्येक महिने शाबूत राहतात आणि सूर्यप्रकाशात काम करतात.

त्याच कुळातल्या दोन जातींविषयी जपानमधील नारा महिला विद्यापीठातील सायाका मितो आणि योइची युसा यांनी २०२१ साली एक थक्क करणारी गोष्ट प्रसिद्ध केली. या गोगलगायी स्वतःचे डोके धडापासून वेगळे करतात. हृदय धडाबरोबर मागे राहते. डोके मात्र फिरत राहते, शेवाळ खाऊ लागते, आठवड्याभरात नवे हृदय तयार होते आणि तीन आठवड्यांच्या सुमारास संपूर्ण शरीर. टाकलेल्या धडाला मात्र नवे डोके फुटत नाही. वय झालेल्या गोगलगायींना हे साधले नाही, त्यांची डोकी काही दिवसांत मेली. अंगात शिरलेल्या परजीवींपासून सुटण्यासाठी हे होत असावे, असा संशोधकांचा अंदाज आहे.

आणखी एक, 'समुद्री ससा' म्हणजे अ‍ॅप्लिसिया. धोका दिसला की ती जांभळी शाई सोडते. तिच्या शरीरात सुमारे २०,००० मज्जापेशी, त्यातल्या काही नुसत्या डोळ्यांना दिसतील एवढ्या मोठ्या. म्हणून एरिक कँडेल यांनी स्मरणशक्तीच्या अभ्यासासाठी तिला निवडले. इतक्या साध्या जिवावर काम करणे त्या काळी पुष्कळांना वेळेचा अपव्यय वाटला. परंतु शिकताना मज्जापेशींमधील जोड बळकट होतात हे तिच्यामुळेच कळले आणि कँडेल यांना २००० सालच्या नोबेल पारितोषिकात वाटा मिळाला. आज आपण जे शिकतो, लक्षात ठेवतो, ते कसे घडते याचा पहिला धडा एका बिनशंखाच्या जिवाने दिला.

४. घरी काय करावे?

हा भाग वसतिगृहांच्या स्वयंपाकघरांनी आणि माउलींनी विशेष लक्ष देऊन वाचावा. स्लग आणि गोगलगायींच्या अंगात उंदरांकडून आलेल्या एका कृमीची पिल्ले असू शकतात. ती माणसाच्या पोटात गेली तर मेंदूच्या आवरणाला सूज येऊ शकते. म्हणून:

• स्लग किंवा गोगलगाय कच्ची कधीही खाऊ नये. औषध म्हणूनही नाही आणि मुलांच्या पैजेखातरही नाही.
• पालेभाजीचे एकेक पान वेगळे करून वाहत्या पाण्यात धुवावे. कच्ची कोथिंबीर, मुळ्याचा पाला, कोबी यांची अधिक काळजी घ्यावी.
• हाताळल्यावर हात साबणाने धुवावेत. पाण्याची भांडी झाकून ठेवावीत.
• वाफ्यात त्रास वाढला तर संध्याकाळी गुळाच्या पाण्यात भिजवलेले गोणपाट अंथरावे. सकाळी त्याखाली जमलेल्या स्लग हातमोजे घालून किंवा चिमट्याने उचलून साबणाच्या पाण्यात टाकाव्यात. विषारी गोळ्या मुले, कुत्री आणि कोंबड्या यांनाही घातक असतात.

त्या मुलीच्या प्रश्नाचे उत्तर एवढेच: पुष्कळजणींना खाऊन टाकतातच, पण चिकट स्राव, रंग, शाई, उसना डंख आणि पुन्हा वाढणारे शरीर यांच्या बळावर बाकीच्या टिकतात. चिलखत दिसत नाही म्हणून कोणी असहाय ठरत नाही. पण ते ओळखायला आपल्याला खाली वाकून, जवळून पाहावे लागते. निर्माणकर्त्याच्या कामाचा अभ्यास असाच होतो.

चर्चेसाठी प्रश्न (तरुण संघ व रविवारच्या वर्गासाठी)

१. शंख नसण्याचे दोन फायदे आणि दोन तोटे सांगा.
२. ग्लॉकस आणि बनाना स्लग यांच्या स्वसंरक्षणात काय फरक आहे?
३. 'गोगलगाय अन् पोटात पाय' असे आपण कोणाविषयी बोलतो? ते बोलण्यापूर्वी त्या माणसाला आपण किती जवळून पाहिलेले असते?
४. या पावसाळ्यात एक स्लग पाच मिनिटे भिंगातून पाहा. काय दिसले ते लिहून वर्गात वाचून दाखवा.