मुंग्या, बधिरता आणि एक सांकेतिक क्रमांक

मांडी घालून बराच वेळ बसल्यावर पायाला मुंग्या आल्याचा अनुभव तुम्हा सर्वांना असेलच. चेतातंतूंवर दाब पडला की त्वचेकडून मेंदूकडे जाणारे संदेश विस्कळीत होतात. दाब निघाला की थोड्याच वेळात सारे पूर्ववत होते. पण बधिरपणा गेलाच नाही तर?

समजा, वाळूज औद्योगिक वसाहतीतील एक कामगार हात बधिर होतो म्हणून दवाखान्यात गेला. निदान होईपर्यंत त्याची नोंद कशी करायची? जगभरच्या नोंदींची तुलना करता यावी म्हणून रोगांना व लक्षणांना सांकेतिक क्रमांक दिलेले आहेत. या पद्धतीचे मूळ बर्टिलाँ यांनी १८९३ मध्ये मांडलेल्या मृत्युकारणांच्या यादीत आहे. आता हे वर्गीकरण जागतिक आरोग्य संघटना तयार करते. त्याच्या दहाव्या आवृत्तीत त्वचेच्या संवेदनेतील बिघाडाचा क्रमांक आहे ‘आर २०’. त्याचे मुख्य पोटविभाग असे :

आर २०.० – संवेदना नाहीशी होणे
आर २०.१ – संवेदना कमी होणे
आर २०.२ – मुंग्या येणे
आर २०.३ – संवेदना प्रमाणाबाहेर वाढणे

‘आर’ हा विभाग लक्षणांचा आहे, रोगांचा नव्हे. म्हणजे आर २० हे उत्तर नसून प्रश्न आहे! कारण सापडले की क्रमांक बदलतो. कामगार वर्षानुवर्षे थरथरणारे यंत्र हाती धरत असेल आणि त्या कंपनांमुळे हातावर परिणाम झाला असेल, तर टी ७५.२. अंगठा व त्याशेजारची बोटे बधिर होत असतील आणि मनगटातील चेता दबलेली आढळली, तर जी ५६.०. दोन्ही तळपाय बधिर होत असतील, तर मधुमेह किंवा बी-१२ जीवनसत्त्वाची कमतरता आहे का, हे तपासावे लागते.

आणि अंगावर फिकट किंवा लालसर बधिर चट्टा असेल तर? तो कुष्ठरोग असू शकतो. क्रमांक ए ३०. कुष्ठरोगाचे जंतू चेतातंतूंवरच हल्ला करतात. असा चट्टा सहसा दुखत नाही, खाजत नाही. म्हणूनच त्याकडे दुर्लक्ष होते. पुढे हातापायांना चटका बसला तरी कळत नाही आणि जखमा चिघळून व्यंग येते. वर्ध्याच्या गांधी स्मारक कुष्ठरोग प्रतिष्ठानने १९५१ पासून रुग्णांची वाट न पाहता गावोगावी जाऊन पाहणी, शिक्षण व उपचार हे काम केले, ते यासाठीच. आज ६ किंवा १२ महिन्यांच्या औषधोपचाराने हा रोग बरा होतो. सरकारी रुग्णालयांत औषध मोफत मिळते. मात्र चेतातंतू एकदा नष्ट झाले की गेलेली संवेदना बहुधा परत येत नाही. प्रश्न नोंदवहीतच पडून राहिला, तर त्याची किंमत रुग्णाला अशी मोजावी लागते.

करून पहा : मित्राला डोळे मिटायला सांगा. कापसाच्या टोकाने त्याच्या हाताला हलकेच स्पर्श करा व कोठे स्पर्श झाला ते बोटाने दाखवायला सांगा. डॉक्टरही बधिर चट्टा जवळजवळ असाच तपासतात. घरात कोणाला न दुखणारा चट्टा असेल, तर ‘दुखत नाही ना, मग राहू दे’ असे म्हणू नका. त्यांना दवाखान्यात घेऊन जा.