पळसाला पाने तीन, आणि पांगाऱ्याला?

‘पळसाला पाने तीनच’ ही म्हण तुम्ही कितीदा तरी ऐकली असेल. कोठेही गेले तरी परिस्थिती सारखीच, असा तिचा अर्थ. परंतु वनस्पतींचा अभ्यास करणाऱ्याने या म्हणीला दोन प्रश्न विचारले पाहिजेत. ती खरोखरच तीन पाने असतात का? आणि तीन पाने दिसली की ते झाड पळसाचेच, असे म्हणता येईल का?

पहिल्या प्रश्नाचे उत्तर ‘नाही’ असे आहे. पानाच्या देठाच्या बेचक्यात कळी असते, हे तुम्हांला ठाऊक आहे. पळसाच्या त्या तीन ‘पानां’च्या बुडाशी कळी शोधा, सापडणार नाही. ती सापडते तिघांच्या सामाईक देठाच्या बुडाशी. म्हणजे पान एकच, आणि त्याचे तीन भाग. या भागांना पर्णिका म्हणतात व अशा पानाला संयुक्त पान म्हणतात. दुसऱ्या प्रश्नाचे उत्तरही ‘नाही’ असेच आहे, कारण पांगाऱ्यालाही तीनच पर्णिका असतात. मग झाड ओळखायचे कसे?

एक छोटी किल्ली

वनस्पती ओळखण्यासाठी शास्त्रज्ञ जी युक्ती वापरतात तिला ‘किल्ली’ म्हणतात. प्रत्येक पायरीवर दोनच पर्याय असतात. समोरच्या झाडाला लागू पडेल तो घ्यायचा आणि पुढे जायचे. पळस, पांगारा, काटेसावर आणि बहावा या चार झाडांची किल्ली अशी होईल :

१. (अ) पर्णिका तीन – क्रमांक २ पाहा.
(आ) पर्णिका तिनांहून अधिक – क्रमांक ३ पाहा.

२. (अ) खोडावर किंवा फांद्यांवर काटे आहेत – पांगारा.
(आ) काटे नाहीत – पळस.

३. (अ) पर्णिका हाताच्या बोटांसारख्या एकाच बिंदूतून निघालेल्या – काटेसावर.
(आ) पर्णिका मधल्या दांड्याच्या दोन्ही बाजूंना जोडीजोडीने – बहावा.

आता या किल्लीची परीक्षा घेऊ. बेलाची डहाळी हाती घ्या. पर्णिका तीन, फांदीवर काटे. किल्ली ठामपणे सांगते की हा पांगारा! पण किल्लीत दोष नाही. ती चार झाडांपुरतीच केली होती आणि बेल त्या चारांत नव्हता. किल्ली ज्या वनस्पतींसाठी तयार केली असेल त्यांच्याबाहेर ती चुकीचेच नाव देते, आणि तेही तितक्याच खात्रीने.

म्हणूनच परदेशातील झाडांचे पुस्तक कितीही देखणे असले तरी आपल्या डोंगरावर त्याचा उपयोग होत नाही. आपल्या प्रदेशातील सर्व वनस्पती ज्यात घेतल्या आहेत असे पुस्तक हवे. अशा ग्रंथाला ‘फ्लोरा’ म्हणतात. मराठीत त्यासाठी ‘पादपजात’ असा शब्द आहे.

एका अभियंत्याचा ग्रंथ

पश्चिम भारतासाठी असा ग्रंथ थिओडोर कुक यांनी लिहिला. मुंबई इलाख्यातील वनस्पतींचा हा ग्रंथ १९०१ ते १९०८ या काळात लंडनहून भागाभागांनी प्रसिद्ध झाला. गंमत अशी, की कुक हे व्यवसायाने अभियंते. ते हिंदुस्थानात आले रेल्वेच्या कामासाठी. पुढे पुण्याच्या विज्ञान महाविद्यालयाचे, म्हणजे नंतरच्या अभियांत्रिकी महाविद्यालयाच्या पूर्वावताराचे, ते अनेक वर्षे प्राचार्य होते. निवृत्तीनंतर मायदेशी परतल्यावर त्यांनी हे काम पूर्ण केले.

या ग्रंथात प्रत्येक वनस्पतीचे शास्त्रीय नाव, वर्णन, फुलण्याचे महिने आणि आढळाची ठिकाणे दिलेली आहेत. पुष्कळदा देशी भाषांतील नावेही आहेत. ठिकाणापुढे वनस्पती गोळा करणाऱ्याचे नाव येते. त्यांत इंग्रजांबरोबर कानिटकर आणि भिवा अशी आपली नावेही भेटतात. काही नावांपुढे उद्गारचिन्ह असते. हे आश्चर्य नव्हे! वनस्पतिशास्त्राच्या रिवाजानुसार त्याचा अर्थ, ‘हा वाळवलेला नमुना मी स्वतः पाहिला आहे.’ एवढ्याशा चिन्हाने ऐकीव माहिती आणि पडताळलेली माहिती वेगळी होते. असे नमुने कागदावर चिकटवून ठिकाण व तारीख लिहून जपून ठेवतात. त्यामुळे शंभर वर्षांनंतरही कोणालाही मूळ पुरावा तपासता येतो.

जुने पुस्तक कसे वाचावे?

जुना फ्लोरा वाचताना तीन गोष्टी लक्षात ठेवाव्या लागतात.

पहिली गोष्ट नावांची. बाभळीला कुक यांच्या ग्रंथात ‘अकेशिया अरेबिका’ म्हटले आहे. पुढे ते ‘अकेशिया निलोटिका’ झाले आणि आता ‘वाचेलिया निलोटिका’ हे नाव प्रचलित आहे. बाभूळ मात्र तीच. जुने व नवे नाव जोडून पाहिले नाही, तर एकाच झाडाची तीन झाडे होतील.

दुसरी गोष्ट सीमांची. मुंबई इलाख्यात सिंध होता, गुजरातचा भाग होता, पण विदर्भ व मराठवाडा नव्हते. म्हणून चंद्रपूरच्या विद्यार्थ्याने या ग्रंथावर विसंबून राहू नये. त्याची गत बेलाच्या डहाळीसारखी होईल. आजच्या संपूर्ण महाराष्ट्राचा फ्लोरा भारतीय वनस्पति सर्वेक्षणाने १९९६ पासून खंडशः प्रसिद्ध केला आहे.

तिसरी गोष्ट सर्वांत महत्त्वाची. पुस्तकात काय नाही, तेही पाहावे. आज गावोगाव माजलेले गाजरगवत कुक यांच्या ग्रंथात नाही. ते त्यांच्या नजरेतून सुटले म्हणावे, तर इतके उघड्यावर वाढणारे झुडूप सुटणे कठीण. पुण्याजवळ ते लक्षात आले १९५५ च्या सुमारास. म्हणजे ते मागाहून आलेले परके गवत आहे, हे जुना ग्रंथ न बोलता सांगतो.

उलटही घडते. शिंदळ माकुडी ही जगात फक्त महाराष्ट्रात आढळणारी वनस्पती. १८६० च्या दशकात डालझेल या वनाधिकाऱ्याने जुन्नरच्या परिसरातील नमुन्यांवरून तिचे वर्णन केले. कड्याच्या कपारीत वाढणारी ही मांसल, लालसर फुलांची वनस्पती नंतरच्या अभ्यासकांना पुरंदर, सज्जनगड यांसारख्या मोजक्याच ठिकाणी मिळाली. एखाद्या कड्यावरून ती नाहीशी झाली, तर ते कळणार कसे? ती तेथे होती, हे कोणीतरी लिहून ठेवले असेल तरच! ज्याची नोंद नाही त्याच्या नाशाचीही नोंद होत नाही. उन्हाळ्यात उघडाबोडका दिसणारा सडा ‘पडीक’ म्हणून खणला जातो, तेव्हा पावसाळ्यात तेथे काय फुलत होते, हे सांगणारा कागदच बहुधा नसतो.

तुम्ही काय कराल?

तो कागद तुम्ही तयार करू शकता. शाळेजवळची एखादी टेकडी, ओढ्याचा काठ किंवा गावाची देवराई निवडा. प्रत्येक महिन्यात एकदा तेथे जा. वहीत पाच रकाने आखा : तारीख, नेमके ठिकाण, स्थानिक नाव, फूल-फळ आहे की नाही, आणि नाव कोणी सांगितले. नाव ठाऊक नसेल तर ‘अनोळखी क्रमांक १’ असे लिहून पानाचे व फुलाचे चित्र काढा. चुकीच्या नावापेक्षा चांगले चित्र अधिक उपयोगी. स्वतः पाहिलेल्या गोष्टीपुढेच उद्गारचिन्ह करा. ऐकलेल्या गोष्टीपुढे नको. मोजकी असलेली वनस्पती तोडू अथवा उपटू नका.

शिक्षकांनी ही वही दरवर्षी पुढच्या वर्गाकडे सोपवावी. दहा वर्षांनी तिच्यात दहा पावसाळे असतील. आणि वर्गात सुरुवात कोठून करायची, हे सोपे आहे : वरच्या किल्लीत बेल बसवण्यासाठी आणखी एक पायरी घाला. बेलाचे पान चुरगळून हुंगून पाहा, ते उजेडापुढे धरून पाहा. उत्तर तेथेच आहे.