ग्लेंडा जॅक्सन : रंगमंच, संसद आणि पुन्हा रंगमंच

नाटक हा श्रीमंतांचा किंवा उच्चशिक्षितांचा प्रांत आहे, अशी एक समजूत आढळते. या पाठात आपण अशा एका इंग्रज अभिनेत्रीचा परिचय करून घेणार आहोत, जिने सोळाव्या वर्षी शाळा सोडली होती.

ग्लेंडा जॅक्सन यांचा जन्म ९ मे १९३६ रोजी इंग्लंडच्या वायव्य भागातील बर्कनहेड या बंदराच्या गावी झाला. वडील गवंडी होते. आई साफसफाईची आणि दुकानातील कामे करून संसाराला हातभार लावी. चार बहिणींत ग्लेंडा थोरल्या. परीक्षेतील यश बेताचेच असल्याने त्यांनी शाळेचा निरोप घेतला आणि औषधांच्या दुकानात नोकरी धरली. तेथे त्यांनी दोन वर्षे काढली. विरंगुळा म्हणून त्या गावातील हौशी नाटकमंडळीत जाऊ लागल्या आणि तेथेच त्यांना आपली वाट सापडली. १९५४ मध्ये लंडनच्या 'रॉयल अकॅडमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्ट' या विख्यात संस्थेची शिष्यवृत्ती त्यांना मिळाली.

शिष्यवृत्ती मिळाली म्हणजे भाग्य उजळले, असे मात्र झाले नाही. रूढ अर्थाने सुंदर न दिसणाऱ्या या मुलीला चाळिशीपूर्वी फारसे काम मिळणार नाही, असे संस्थेच्या प्रमुखांनीच सांगून टाकले होते. १९५७ नंतरची कित्येक वर्षे लहानसहान शहरांतील नाटकमंडळ्या, मधूनमधून बेकारी आणि पोटासाठी मिळेल ती नोकरी यांतच गेली. चरित्रलेखक हा काळ बहुधा दोन ओळींत आटोपतात. परंतु ग्लेंडांच्या अभिनयातील कणखरपणाची मुळे याच वर्षांत शोधावी लागतात.

१९६४ मध्ये दिग्दर्शक पीटर ब्रुक यांनी 'मारा / साद' या नाटकात त्यांना शार्लट कॉर्डेची भूमिका दिली. वेड्यांच्या रुग्णालयातील रोगी फ्रेंच राज्यक्रांतीचा प्रसंग रंगवतात, असे हे नाटक आहे. रोगी स्त्री आणि तिने वठवलेली मारेकरी स्त्री, अशी दुहेरी भूमिका ग्लेंडांनी पेलली. लंडनप्रमाणे न्यूयॉर्कमध्येही तिची वाहवा झाली. पुढे 'विमेन इन लव्ह' (१९६९) आणि 'अ टच ऑफ क्लास' (१९७३) या चित्रपटांसाठी त्यांना अभिनयाचे ऑस्कर पारितोषिक दोनदा लाभले. दोन्ही समारंभांना त्या गेल्या नाहीत!

१९७१ साली 'एलिझाबेथ आर' ही बीबीसीची मालिका गाजली. राणी पहिल्या एलिझाबेथच्या तारुण्यापासून वार्धक्यापर्यंतचे आयुष्य तिच्या सहा भागांत होते. राणीचे उंच कपाळ हुबेहूब दिसावे म्हणून ग्लेंडांनी आपले पुढचे केस मुंडून घेतले. पडद्यावर सुंदर दिसण्याची धडपड चालते, त्या व्यवसायातील हे धाडस लहान नव्हे.

आता पुढे वाचण्यापूर्वी क्षणभर थांबा. एवढी कीर्ती मिळाल्यावर एखादी व्यक्ती आपला व्यवसाय का सोडेल बरे?

पंतप्रधान मार्गारेट थॅचर यांच्या धोरणांमुळे कष्टकरी वर्गाचे नुकसान झाले, असे ग्लेंडांचे ठाम मत होते. १९९२ मध्ये मजूर पक्षातर्फे त्या लंडनमधील एका मतदारसंघातून खासदार झाल्या आणि अभिनय पूर्णपणे बाजूला ठेवला. १९९७ ते १९९९ या काळात त्या परिवहन खात्याच्या कनिष्ठ मंत्री होत्या. पक्ष सत्तेवर असतानाही त्यांनी २००३ च्या इराक युद्धाला विरोध केला. २०१० ची निवडणूक त्यांनी अवघ्या ४२ मतांनी जिंकली. २०१३ मध्ये थॅचर यांच्या निधनानंतर संसदेत श्रद्धांजलीची भाषणे चालू असताना ग्लेंडांनी त्यांच्या कारभारावर कठोर टीका केली. तो प्रसंग अनेकांना अनुचित वाटला. इतरांना त्यात गवंड्याच्या मुलीचा प्रामाणिकपणा दिसला.

२०१५ मध्ये त्या संसदेतून निवृत्त झाल्या. पुढच्याच वर्षी, वयाच्या ऐंशीव्या वर्षी, लंडनच्या 'ओल्ड विक' नाट्यगृहात त्यांनी शेक्सपिअरचा राजा लिअर साकारला. मुलींनी दूर लोटलेल्या या वृद्ध राजाची आठवण मराठी रसिकाला वि. वा. शिरवाडकरांच्या 'नटसम्राट'मुळे सहज होईल. बालगंधर्वांची परंपरा असलेल्या रंगभूमीला पुरुषाने स्त्री होणे नवे नाही; येथे एक स्त्री राजा झाली होती, तीही जवळजवळ पंचवीस वर्षांच्या खंडानंतर. तीन तासांहून अधिक चालणाऱ्या या प्रयोगात त्यांचा आवाज थकला नाही, याचेच प्रेक्षकांना नवल वाटले.

२०१८ मध्ये 'थ्री टॉल विमेन' या नाटकासाठी त्यांना अमेरिकन रंगभूमीचे टोनी पारितोषिक मिळाले. २०१९ च्या 'एलिझाबेथ इज मिसिंग' या दूरचित्रवाणीपटात त्यांनी स्मृतिभ्रंश झालेली वृद्धा उभी केली. आपली मैत्रीण हरवली आहे, हे ती सर्वांना सांगत राहते आणि तिच्यावर कोणी विश्वास ठेवत नाही. १५ जून २०२३ रोजी लंडन येथे ग्लेंडा जॅक्सन यांचे निधन झाले. मायकेल केन यांच्यासमवेत केलेला त्यांचा 'द ग्रेट एस्केपर' हा अखेरचा चित्रपट त्यानंतर काही महिन्यांनी प्रदर्शित झाला.