ऑर्गन आणि फिरता स्पीकर

मिश्रणासाठी एका गीताचे ट्रॅक माझ्याकडे आले, तेव्हा त्यांत हॅमंड ऑर्गनचा एकच स्टीरिओ ट्रॅक होता; तो मूळ वाद्याचा नसून संगणकीय प्रतिकृतीचा असला, तरी इतका भरीव होता की प्रथमश्रवणी कोणासही तक्रारीस जागा राहू नये. अंतरा सुरू होताच लेस्ली या फिरत्या स्पीकरची गती उतरावी, अशी संगीतकारांची इच्छा निघाली आणि अडचण उभी राहिली. कारण जलद फिरणारी लेस्ली त्या ट्रॅकमध्ये कायमची मुद्रित झालेली, मिडी फाइल दप्तरातून गहाळ, आणि जुनी प्रतिकृती नव्या संगणकावर उघडेना. अखेरीस वादकाला पुन्हा पाचारण करावे लागले, व तो खर्च निर्मात्याच्या माथी बसला.

लॉरेन्स हॅमंड यांनी १९३५ साली शिकागोहून बाजारात आणलेल्या या वाद्याचा नाद विद्युत्‌चुंबकीय पिकअपसमोर फिरणाऱ्या दातेरी चक्रांतून उत्पन्न होतो, हे जितके खरे, तितकेच हेही खरे, की डॉन लेस्ली यांच्या फिरत्या कर्ण्यावाचून तो नाद आपणांस अर्धाच वाटतो. खुद्द हॅमंड यांना लेस्लीचे वावडे होते. श्रोत्यांनी मात्र निकाल उलट दिला. म्हणून ऑर्गनचा कोरडा ट्रॅक व लेस्लीसह ट्रॅक अशी दोन्ही मुद्रणे मिडीसकट जतन करण्याची तजवीज आरंभीच करावी. लेस्लीची गती हा मिश्रणाचा निर्णय आहे, तो वादनाच्या वेळीच बंद करून टाकू नये.

प्रतिकृती विकत घेताना नादाचा रंग ठरवणाऱ्या ड्रॉबार-दांड्यांच्या देखण्या चित्रांना न भुलता लेस्लीची गती बदलून ऐकावे: वरचा हलका कर्णा चटकन वेग घेतो, खालचे जड ढोलके मागून रेंगाळत येते, आणि दोन्ही एकाच क्षणी बदलत असतील तर नक्कल वरवरची समजावी. दुसरी परीक्षा पर्कशनची, म्हणजे स्वराच्या आरंभी उमटणाऱ्या टणत्काराची. एक पट्टी दाबून धरली असता दुसरीवर तो टणत्कार पुन्हा उमटता कामा नये, कारण सर्व पट्ट्या सोडल्यावाचून तो परत न येणे हा हॅमंडच्या बी-३ या ऑर्गनचा स्वभाव. शिवाय पर्कशन चालू असताना ते ज्या कळफलकावर असते, त्याचा नववा ड्रॉबार मूक होतो. पट्टी दाबताना होणारी क्लिक व शेजारच्या चक्रांची झिरप हे मूळच्या बांधणीचे दोष. त्यांना हद्दपार करणारी प्रतिकृती मला तरी निर्जीव वाटते.

पियानोसारख्या जड पट्ट्यांवर हे वादन साधत नाही. मूळ वाद्यात पट्टी किंचित दबताच स्वर लागतो; तेव्हा तशी वरच्यावर प्रतिसाद देणारी हलकी पट्टीच निवडावी, आणि जोराने दाबल्यास आवाज वाढतो का, याची खातरजमा करून ती सोय बंद ठेवावी. आवाजाचा चढउतार पायाच्या पेडलचा आहे. सस्टेन पेडलला येथे कामच नाही, ते काढून ठेवले तरी चालेल.