आगपेटीतली करमणूक

सोलापूरला बाजारासाठी गेलो की कधी कधी आपण सिनेमा बघून येतो. तमाशात सोंगाड्या आला की हसू येते, तसेच विनोदी चित्र बघतानाही येते. शंभर वर्षांपूर्वी अशी छोटी विनोदी चित्रे कोणी काढली, ठाऊक आहे का? दादासाहेब फाळके यांनी.

दादासाहेबांचा जन्म १८७० साली त्र्यंबकेश्वर येथे झाला. सिनेमाचे वेड लागले, तेव्हा जवळ पैसा नव्हता. रोज तासन् तास चित्रे पाहिली. त्या पायी दृष्टी जायची वेळ आली. औषधपाण्याने डोळे वाचले. १९१२ साली विम्यावर कर्ज काढून ते विलायतेला गेले. तिथून कॅमेरा आणला. पत्नी सरस्वतीबाईंनी दागिने काढून दिले. सगळ्या मंडळींना रांधून घातले. फिल्म धुण्याचे कामही त्या शिकल्या. अखेर १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' पडद्यावर आला.

पुढे 'मोहिनी भस्मासुर' हे चित्र निघाले. त्याच्या जोडीला 'पिठाचे पंजे' हे छोटे विनोदी चित्र दाखवले. तेव्हा सिनेमा मुका होता. जे हसवायचे ते हातवारे करूनच!

१९१४ साली महायुद्ध पेटले. मोठ्या चित्राला भांडवल मिळेना. पण दादासाहेब हात बांधून बसले नाहीत. त्यांनी छोटी चित्रे काढली. एकाचे नाव 'आगकाड्यांची मौज'. त्यात काड्याच हलत होत्या!

निर्जीव काडी हलली कशी? काड्या मांडायच्या, एक फोटो घ्यायचा. काडी थोडी सरकवायची, पुन्हा फोटो घ्यायचा. असे फोटो भराभर दाखवले, की काडी चालते असे वाटते. त्या काळी एका सेकंदाला साधारण १६ फोटो लागत. म्हणजे एका मिनिटाला ९६०! केवढी चिकाटी!

१९४४ साली दादासाहेब नाशिकला वारले. ही दोन्ही विनोदी चित्रे आज बघायला मिळत नाहीत. पण १९६९ सालापासून सिनेमातला मोठा सरकारी मान त्यांच्याच नावाने दिला जातो.

भांडवल नव्हते, काड्या होत्या. दादासाहेबांनी काड्यांवर काम चालू ठेवले.

नवे शब्द
भांडवल – धंद्यात घातलेला पैसा
चिकाटी – काम न सोडण्याचा गुण

प्रश्न
१. सरस्वतीबाईंनी कोणकोणती मदत केली?
२. दोन मिनिटांच्या चित्राला किती फोटो लागतील? हिशेब मांडा.
३. पैसा कमी असताना तुम्ही एखादे काम कसे तडीस नेले? चार ओळी लिहा.