राजदरबारची भाषा आणि चुलीजवळची भाषा

(मंडळीतील अभ्यासवर्ग व शब्बाथ शाळेच्या शिक्षकांसाठी पाठ)

वाचन : प्रेषितांची कृत्ये २:१-१३, ६:१-७, ८:२६-४०



प्रेषितांच्या कृत्यांच्या आठव्या अध्यायातील कूशी अधिकाऱ्याची गोष्ट आपल्या मुलांना तोंडपाठ असते. रथ, वाळवंटातला रस्ता, यशयाचे पुस्तक आणि पाणी, एवढे सांगितले की वर्ग संपतो. पण फिलिप्पाने त्या विद्वान माणसाला पहिला प्रश्न काय विचारला, तिकडे आपले लक्ष जात नाही. तुला वाचता येते का, असे त्याने विचारले नाही. वाचता तर येतच होते, आणि तेही मोठ्याने चालले होते. वाचतोस ते समजते का, हा त्याचा प्रश्न होता. वाचणे निराळे आणि समजणे निराळे. भाषेविषयीचा आजचा पाठ या एका प्रश्नावर उभा आहे.

१. हबसाणातील भाषा

तो अधिकारी ज्या कांदके राणीच्या पदरी होता तिचे राज्य आजच्या सुदान देशात, नाईल नदीच्या काठी होते. आजचा इथिओपिया त्याच्या शेजारचा. आपल्या लोकांना हा देश हबसाण या नावाने पूर्वीपासून ठाऊक आहे. अहमदनगरची निजामशाही सावरून धरणारा मलिक अंबर तिथलाच, आणि जंजिऱ्याच्या सिद्दींचे मूळही त्याच बाजूचे. चौथ्या शतकात एझाना राजाच्या काळी तेथे ख्रिस्ती धर्म राजाश्रयाला आला.

या एका देशात ऐंशीहून अधिक भाषा बोलल्या जातात आणि त्या चार निरनिराळ्या गटांतल्या आहेत. जुनी गीझ भाषा फक्त उपासनेत उरली आहे. आपल्याकडे संस्कृतचे जे स्थान, तसेच काहीसे तिचे. तिच्या लिपीतूनच अम्हारिक भाषेची लिपी आली. या लिपीत सुमारे ३३ मूळ अक्षरे असून स्वराप्रमाणे प्रत्येकाची सात रूपे होतात. आपल्या बाराखडीत बारा, तर त्यांच्यात सात! अम्हारिक डावीकडून उजवीकडे लिहितात, आणि मराठीप्रमाणेच तिच्यातही क्रियापद वाक्याच्या शेवटी येते. शांतीला त्या भाषेत ‘सलाम’ म्हणतात. इब्री ‘शालोम’ची ही बहीणच.

१२७० साली सत्तेवर आलेल्या राजघराण्याच्या दरबारी अम्हारिक बोलली जाई, म्हणून तिला राजाची भाषा म्हणत. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस मेनेलिक बादशहाने दक्षिणेकडचे मुलूख जिंकले आणि ही भाषा कचेरी व शिपायांबरोबर तिकडे गेली. १९४४ च्या एका फर्मानाने मिशनऱ्यांनाही शाळांतून अम्हारिकमध्येच शिकवण्याचा दंडक घालून दिला. १९५५ च्या राज्यघटनेने तिला देशाची अधिकृत भाषा केले. परंतु देशात मातृभाषा म्हणून सर्वांत अधिक लोक ओरोमो बोलतात. २००७ च्या जनगणनेत ओरोमोभाषक सुमारे ३४ टक्के आणि अम्हारिकभाषक सुमारे २९ टक्के होते. इतक्या लोकांची भाषा शाळेच्या आणि कचेरीच्या दाराबाहेर उभी होती. राजधानीला अम्हारिकमध्ये अदिस अबाबा, म्हणजे नवे फूल, म्हणतात. ओरोमो लोक त्याच शहराला फिनफिने म्हणतात.

२. दोन बंदमुक्तांचे काम

पवित्र शास्त्र अम्हारिकमध्ये लवकर आले. अबू रूमी नावाच्या इथिओपियन संन्याशाने कैरो येथे केलेल्या भाषांतराच्या आधारे संपूर्ण शास्त्र १८४० मध्ये छापून निघाले. ओरोमो लोकांना मात्र आणखी साठ वर्षे थांबावे लागले.

त्यांच्यासाठी भाषांतर करणारा मनुष्य एके काळी गुलाम होता. त्याचे मूळ नाव हिका. बालपणीच त्याला पळवून पुन्हा पुन्हा विकले गेले. १८७० मध्ये मस्सावा बंदरात त्याची सुटका झाली आणि तो स्वीडिश मिशनच्या शाळेत आला. बाप्तिस्म्याच्या वेळी त्याला ओनेसिमस हे नाव मिळाले. फिलेमोनाला लिहिलेले पौलाचे पत्र ज्यांनी वाचले आहे त्यांना या नावाचा अर्थ सांगायला नको. १८९३ मध्ये नवा करार आणि १८९९ मध्ये संपूर्ण शास्त्र त्याच्या हातून ओरोमो भाषेत उतरले.

पण एक अडचण होती. अगदी लहान वयात घर तुटल्यामुळे आपल्याच भाषेतले पुष्कळ शब्द ओनेसिमसजवळ नव्हते. ते त्याला एका तरुण स्त्रीने दिले. तिचे नाव आस्तेर गान्नो. १८८६ मध्ये गुलामांच्या जहाजावरून तिची सुटका झाली होती. ओरोमो गाणी, म्हणी, कोडी, गोष्टी तिला मुखोद्गत होत्या. तिने शब्दांचा मोठा संग्रह तयार केला, आणि दोघांनी मिळून केलेले वाचनाचे पुस्तक १८९४ मध्ये निघाले. शिकलेला पुरुष भाषांतराला बसला, आणि चुलीजवळ ऐकलेले शब्द त्याला एका बाईने पुरवले.

येथे आपल्याला पंडिता रमाबाईंची आठवण होते. संस्कृतात पारंगत असलेल्या त्या विदुषीने इब्री आणि ग्रीक भाषा शिकून, केडगावच्या मुक्तिसदनातील साध्या बायांना कळावे म्हणून सोप्या मराठीत शास्त्राचे भाषांतर केले. १९२२ मध्ये त्या प्रभूकडे गेल्या, आणि १९२४ मध्ये ते शास्त्र प्रसिद्ध झाले. समजते का, हा फिलिप्पाचा प्रश्न त्यांनीही मनाशी धरला होता.

३. बडोद्याचा धडा

आता आपल्या गावाकडे पाहू. अम्हारिकची गोष्ट आपल्याला परकी वाटू नये, कारण बडोद्यात मराठी एके काळी त्याच जागी बसलेली होती.

अठराव्या शतकात गायकवाड येथे आले आणि त्यांच्याबरोबर मराठी भाषा व मोडी लिपी दरबारात आली. प्रजेची भाषा मात्र गुजराती. प्रेमानंद कवीची आख्याने हे शहर त्याआधीपासून ऐकत आले होते. १८७५ मध्ये नाशिक जिल्ह्यातील कवळाणे गावचा एक शेतकऱ्याचा मुलगा दत्तक म्हणून येथे आला. तेच महाराज सयाजीराव. त्यांना मराठीबरोबर गुजरातीही शिकवली गेली. पुढे त्यांच्या कारकिर्दीत राज्यकारभारात गुजरातीला मोठे स्थान मिळाले. १८९३ मध्ये अमरेली भागात आणि १९०६ मध्ये सर्व राज्यात सक्तीचे मोफत प्राथमिक शिक्षण सुरू झाले. १९३१ मध्ये कारभारातील शब्दांचा एक कोश निघाला, ‘श्रीसयाजीशासनशब्दकल्पतरू’. त्यात इंग्रजी, गुजराती, मराठी, संस्कृत, फारसी, उर्दू, हिंदी आणि बंगाली अशा आठ भाषांतले शब्द शेजारी शेजारी मांडले होते. राजाने आपली भाषा न सोडता प्रजेच्या भाषेला खुर्ची दिली.

१ मे १९४९ रोजी बडोदे संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले आणि १ मे १९६० रोजी गुजरात राज्य झाले. मराठी आता येथे घरची भाषा आहे, कचेरीची नाही. मराठी साहित्य संमेलने बडोद्यात १९०९, १९२१ आणि १९३४ मध्ये भरली. त्यानंतरचे भरले ते एकदम २०१८ मध्ये. म्हणून आपल्याला दोन्ही बाजू ठाऊक आहेत. आपल्या आजोबा-पणजोबांनी दरबारच्या भाषेचा मान भोगला, आणि आपली नातवंडे चुलीजवळची भाषा विसरण्याच्या बेतात आहेत. अम्हारिक माणसाचा अभिमान आपल्याला कळतो आणि ओरोमो माणसाचे दुःखही कळते. असे दोन्हीकडचे कळणे फार थोड्यांच्या वाट्याला येते.

पण आपल्याही मागे कोणी उभे आहे. बडोद्याच्या पूर्वेला छोटाउदेपूर आहे; २०१३ मध्ये तो वेगळा जिल्हा झाला. तेथील राठवा लोकांच्या घरांत ना मराठी बोलतात ना गुजराती. त्यांची भाषा राठवी. २०११ च्या जनगणनेत भिली बोलणारे १ कोटी ४ लाख होते. संथाली बोलणारे सुमारे ७३ लाख, आणि संस्कृत मातृभाषा लिहविणारे २४,८२१. संथाली आणि संस्कृत या दोन्ही राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीतील २२ भाषांत आहेत. भिली तेथे नाही. भाषा लहान की मोठी हे नेहमी डोकी मोजून ठरत नाही, हे यावरून दिसते. महाराष्ट्रात भोर येथे जन्मलेले आणि बडोद्याच्या विद्यापीठात इंग्रजी शिकवणारे गणेश देवी यांनी १९९६ मध्ये येथे ‘भाषा’ ही संस्था काढली, आणि पुढे छोटाउदेपूरजवळ तेजगढला आदिवासी अकादमी उभी राहिली. त्यांच्या पुढाकाराने झालेल्या लोकसर्वेक्षणात देशभरातील ७८० भाषांची नोंद झाली. दुसऱ्यांची भाषा कान देऊन ऐकणारा माणूस आपल्याच मराठीतून निघाला, ही आनंदाची गोष्ट आहे.

४. सामाईक भाषा नको काय?

कोणी म्हणेल, इतक्या भाषा जपत बसलो तर देश चालायचा कसा? हा प्रश्न खोटा नाही. बाजार, न्यायालय, रेल्वे यांना सामाईक भाषा लागतेच. इथिओपियातही १९९४ च्या राज्यघटनेने सर्व भाषांना समान मान्यता दिली, पण केंद्राच्या कामकाजासाठी अम्हारिकच ठेवली. २०२० मध्ये तिच्या जोडीला ओरोमो, तिग्रिन्या, सोमाली आणि अफार घेण्याचे सरकारने ठरवले. त्याच वर्षी तिग्राय प्रांतात युद्ध पेटले आणि ते २०२२ पर्यंत चालले. भाषेला कागदावर मान दिला की मने आपोआप जुळतात, असे नाही. मात्र भाषेचा अपमान केला तर ती नक्कीच तुटतात.

येरुशलेमातील पहिल्या मंडळीतही हेच झाले. ग्रीक बोलणाऱ्या विधवांना रोजच्या वाटणीत डावलले जाते अशी कुरकुर निघाली. प्रेषितांनी तक्रार करणाऱ्यांना गप्प बसवले नाही. सात जण निवडले गेले, आणि त्या सातांची नावे पाहा, सगळी ग्रीक आहेत! ज्यांची तक्रार होती त्यांच्याच माणसांच्या हाती वाटणी गेली. त्या सातांपैकी एक होता फिलिप्प, तोच पुढे रथाजवळ धावत गेला. ज्याच्या लोकांना भाषेमुळे डावलले होते, त्यालाच परक्याची अडचण आधी दिसली.

२०२० मध्ये महाराष्ट्रात शाळांतून मराठी सक्तीची झाली तेव्हा आपल्यापैकी अनेकांना बरे वाटले. २०२३ मध्ये गुजरातेत गुजराती सक्तीची झाली तेव्हा त्यांपैकी काहींच्या कपाळाला आठ्या पडल्या. मत्तय ७:१२ दोन्ही वेळी सारखेच लागू आहे. ज्या गावाचे पाणी पितो त्याची भाषा आनंदाने शिकावी, आणि त्याबरोबर घरची भाषाही सांभाळावी. एक धरली म्हणून दुसरी सोडावी लागत नाही.

५. शिक्षकांनी काय करावे?

पहिली गोष्ट, मूल गुजरातीत उत्तर देऊ लागले तर त्याला अडवू नका. आधी त्याला समजले की नाही ते पाहा, मग तेच उत्तर मराठीत सांगायला शिकवा. हसून मुलाची मराठी सुधारत नाही. ते गप्प होते, एवढेच.

दुसरी गोष्ट, देवनागरी वाचू न शकणाऱ्या मुलांसाठी दर रविवारी दहा मिनिटे वेगळी ठेवा. गुजराती अक्षरे बरीचशी आपल्या अक्षरांसारखीच, फक्त डोक्यावर रेघ नाही. जी लिपी त्याला येते तिच्यावरूनच त्याला मराठीकडे न्या.

तिसरी गोष्ट, मंडळीतील आजीबाईंना वर्गात बोलवा. त्यांच्या तोंडच्या गोष्टी, कोडी आणि म्हणी मुलांकडून वहीत लिहून घ्या. आस्तेर गान्नोने याहून वेगळे काही केले नाही.

चौथी गोष्ट, घरी किंवा मंडळीत कामाला येणाऱ्या राठवा बहिणीला तिच्या भाषेतले दोन शब्द विचारा, आणि पुढच्या वेळी ते वापरा. तिच्या चेहऱ्याकडे पाहा, म्हणजे प्रेषितांच्या कृत्यांचा दुसरा अध्याय अधिक चांगला समजेल. पेन्टेकॉस्टच्या दिवशी लोक चकित झाले ते आपापल्या जन्मभाषेत ऐकल्यामुळे.

मननासाठी प्रश्न

१. शास्ते १२:५-६ वाचा. एका उच्चारावरून तेथे माणसांचे प्राण गेले. आज आपण उच्चारावरून माणसाची कोणती परीक्षा घेतो?

२. आपल्या मंडळीत कोणाची भाषा वाटणीत डावलली जाते?

३. तुमच्या घरातील सर्वांत लहान मुलाला सर्वांत वृद्ध माणसाचे बोलणे समजते का? नसेल तर या महिन्यात काय कराल?